नुकसानभरपाई ही भीक नव्हे

शेतकरी व कारागीर बांधवांनो, 17 मार्च 2025 च्या रात्री नागपुरात महालाच्या बाजूस दंगा झाला. दगड पडले, गाड्या जळाल्या व पुढे कित्येक वस्त्यांत संचारबंदी बसली. कबर खुलताबादेस, तीत निजलेला बादशहा तीनशे वर्षांपूर्वी मेलेला, आणि जळाली ती गरिबाची गाडी नागपुरास!

आमचे हुडकेश्वर तेथून दोन-अडीच कोसांवर. पण दंगा कोठेही होवो, कोणाची हातगाडी जाते, कोणाचा रोज बुडतो. असा मनुष्य आम्हा मास्तरांकडे येऊन म्हणतो, "गुरुजी, सायबाले एक अर्ज लिहून द्या, दया करा म्हना." अर्ज आम्ही लिहितो, 'दया' हा शब्द मात्र लिहीत नाही. दया कशाची? सरकार आपल्या प्रत्येक काडेपेटीवर कर घेते, त्या करातून पोलीस ठेविते. राखणदाराने राखण केली नाही, तर धन्याने त्याच्यापुढे हात पसरावेत काय?

हे आमचे एकट्याचे म्हणणे नव्हे. 1992-93 च्या मुंबईच्या दंग्यांत 168 माणसे बेपत्ता झाली. सरकारने 1998 साली त्यांच्या वारसांस 2 लाख रुपये देऊ केले; पण 108 घरांपर्यंत तो पैसा पोचलाच नाही. अखेर 4 नोव्हेंबर 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, सुव्यवस्था राखण्यात सरकार चुकले आहे. सबब वारसांचा शोध घ्या व 22 जानेवारी 1999 पासून शेकडा 9 व्याजासह रक्कम द्या. न्याय मिळाला खरा, पण तीस वर्षांनी! तोवर किती आया डोळे मिटून गेल्या असतील?

नागपुरात मुख्यमंत्री म्हणाले, नुकसान दंगेखोरांकडून वसूल करू. अवश्य करा. पण 24 मार्चला, गुन्हा शाबीत होण्याआधीच, एका आरोपीचे घर पाडले गेले व त्याच दिवशी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठास अशा पाडकामास स्थगिती द्यावी लागली. आम्ही विचारतो, त्या घराच्या विटांनी कोणाची जळालेली गाडी उभी राहिली? सूड हा तमाशा आहे. त्याने चूल पेटत नाही.

आमचे मागणे सरळ आहे. सरकारने आधी आपल्या खजिन्यातून भरपाई द्यावी व मग दंगेखोरांवर आणि त्यांना चिथावणाऱ्यांवर वसुलीचा दावा लावावा. वसुलीची वाट सरकारने पाहावी, हातगाडीवाल्याने नव्हे. 16 एप्रिल 2009 च्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने अशा नुकसानीचे मोजमाप करण्यास दावा आयुक्त नेमण्याची वाट उच्च न्यायालयांस घालून दिली आहे. ती वाट गवताने भरू देऊ नये.

आणि बांधवांनो, आपणही डोळे उघडा. पंचनामा झाल्यावाचून जळका सांगाडा हलवू नका. कागदावर काय लिहिले ते मुलाकडून वाचून घ्या, मगच अंगठा उठवा. प्रत मागून घ्या. वकिलास पैसा नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. 1987 च्या कायद्याने गरिबास तेथे फुकट वकील मिळतो. पुढाऱ्याच्या ओसरीवर बसून दिवस घालवू नका. चिथावणारा माडीवर सुखरूप असतो. गाडी जळते ती आपली, आणि तुरुंगात जातो तोही कोणा गरिबाचाच पोर. हे ज्या दिवशी उमजेल, त्या दिवशी पुढच्या दंग्यास दगड उचलणारा हात मिळणार नाही.