दिनविशेषाची रोजकीर्द

वर्तमानपत्राच्या आतील पानावर, राशिभविष्य आणि शब्दकोडे यांच्या शेजारी, ‘दिनविशेष’ या नावाचा जो आखूड स्तंभ वर्षानुवर्षे छापला जातो, तो संपादकांच्या लेखी उरलेली जागा भरण्याची सोय असतो आणि वाचकांच्या लेखी चहाबरोबर घटकाभर चाळण्याचा मजकूर. परंतु अंगी एवढी योग्यता असून इतक्या बेपर्वाईने चालविलेले दुसरे सदर आमच्या पत्रसृष्टीत क्वचितच असेल, असे माझे स्पष्ट मत आहे.

उदाहरणार्थ १८ एप्रिल हा दिवस घ्या. १८५८ साली या दिवशी कोकणात धोंडो केशव कर्वे जन्मले; १८५९ साली याच दिवशी तात्या टोपे यांना शिप्री येथे फाशी देण्यात आली; १९०६ साली याच दिवशी पहाटे सॅन फ्रान्सिस्को नगर भूकंपाने आणि मागाहून भडकलेल्या आगीने उद्ध्वस्त झाले; आणि १९५५ साली आइन्स्टाइन यांनी प्रिन्स्टन येथे देह ठेवला. स्तंभात या चार नोंदी एकाखाली एक येतात, धर्मशाळेत एका रात्रीपुरते उतरलेले वाटसरू जसे परस्परांची विचारपूसही न करता पहाटे आपापल्या वाटेने निघून जातात तशा. वास्तविक या चौघींना बांधणारा धागा त्यांच्यातच आहे. तात्यांना फाशी झाली त्या दिवशी ज्या मुलाचे पहिले वर्ष पुरे झाले, तोच मुलगा आइन्स्टाइन यांच्या मृत्यूच्या दिवशी सत्त्याण्णव वर्षांचा होता, पुढे त्याने ‘भारतरत्न’ ही स्वीकारले आणि १९६२ पर्यंत तो आपल्यात होता. सत्तावनच्या उठावाची अखेर आणि अणुयुगाचा आरंभ हे दोन्ही एका मनुष्याच्या आयुष्यात मावतात, ही गोष्ट नुसत्या चार तारखांहून कितीतरी अधिक विस्मयकारक आहे; पण ती सांगायची तर कोणीतरी त्या चार ओळींवर पाच मिनिटे विचार करावयास हवा, आणि नेमका तेवढाच वेळ या सदराच्या वाट्यास येत नाही.

तारखांच्या यादीस हलके मानणाऱ्यांनी आपल्याच इतिहासाचे स्मरण ठेवावे. शकावली म्हणजे तरी दुसरे काय? मिती, वार, आणि त्या दिवशी जे घडले त्याचे दोन-चार शब्दांतील टाचण. बखरकार रंगात येऊन पानेच्या पाने लिहीत असताना जेधे घराण्याच्या दफ्तरातील शकावली मात्र कोरडेपणाने मित्या मांडीत राहिली; आणि लोकमान्य टिळकांनी १९१६ साली ती प्रसिद्ध केल्यावर शिवछत्रपतींच्या जन्मतिथीच्या वादात तिच्यातील फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१, ही नोंदच अखेरीस वजनदार ठरली. रसाळ बखरींना जे साधले नाही ते एका रुक्ष टाचणाने साधले.

निसर्गाच्या बाबतीत तर या सदराची अनास्था अधिकच खटकते. २ सप्टेंबर या दिवसाखाली मुंबईच्या कुलाबा वेधशाळेचा उल्लेख मला आजवर कोठेही आढळलेला नाही. ईस्ट इंडिया कंपनीने १८२६ साली स्थापिलेल्या या वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाचे वेध घेतले जात होते. १ सप्टेंबर १८५९ रोजी इंग्लंडमधील रेडहिल येथे रिचर्ड कॅरिंग्टन हे सूर्यावरील डाग रेखाटीत असता त्यांना त्या डागांच्या समूहातून शुभ्र प्रकाशाचा अकस्मात उद्रेक दिसला; आणि त्यानंतर सुमारे साडेसतरा तासांनी पृथ्वीवर असे चुंबकीय वादळ उठले की तारयंत्रांतून ठिणग्या उडाल्या, आणि एरवी ध्रुवाजवळ दिसणारी ज्योत पार क्यूबापर्यंत दिसली. मुंबईत तेव्हा दिवस होता, तोही ऐन पावसाळ्यातील, त्यामुळे आकाशात पाहण्याजोगे काही नव्हते. पण कुलाब्यास डोळ्यांनी चुंबकसूचीचे वेध टिपणाऱ्या मंडळींनी, सूची भलतीकडेच चालली आहे हे पाहून, तासातासाच्या नोंदी अधिक जलद घेण्यास आरंभ केला. युरोपातील काही वेधशाळांत त्या दिवशी सूचीची हालचाल नोंदपट्टीच्या मर्यादेबाहेर गेली होती. कुलाब्यात मात्र वादळाचे आकडे ओळीने वहीत उतरले.

त्या वह्यांचे महत्त्व जगास कळण्यास जवळजवळ दीड शतक लागले. २००३ साली ब्रूस त्सुरुतानी, गुरबक्ष लखिना आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्या नोंदी नव्याने तपासल्या, तेव्हा कुलाब्याच्या आडव्या चुंबकीय बलात सुमारे १,६०० नॅनोटेस्ला इतकी घसरण झाल्याचे दिसून आले, आणि कॅरिंग्टनच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या वादळाच्या तीव्रतेचा अंदाज बांधताना मुंबईची ही वही आधारभूत मानली गेली. मे २०२४ मध्ये गेल्या दोन दशकांतील सर्वांत प्रबळ चुंबकीय वादळ आले, लडाखमधील हानले येथील आकाश तांबूस झाले आणि त्या छायाचित्रांनी आपल्या वर्तमानपत्रांची पहिली पाने सजली. परंतु अशा वादळांच्या इतिहासात मुंबईचे स्थान काय, हे सांगण्याची संधी बहुतेकांनी दवडली. १९८९ च्या मार्चमध्ये अशाच एका वादळाने कॅनडातील क्वेबेक प्रांताचा वीजपुरवठा नऊ तास बंद पाडला होता, हे ध्यानात घेतले म्हणजे हा विषय निव्वळ नवलाईचा नव्हे हेही कळते.

याच वेधशाळेचा आणखी एक प्रसंग असा की, मुंबईत विजेच्या ट्राम आणण्याचे घाटू लागले तेव्हा त्या विजेने चुंबकसूची बहकेल अशी भीती उत्पन्न झाली. म्हणून तत्कालीन संचालक नानाभाई मूस यांच्या देखरेखीखाली अलिबाग येथे, बांधकामात लोखंड कटाक्षाने टाळून, नवी वेधशाळा उभारण्यात आली आणि १९०४ पासून तेथे नोंदी सुरू झाल्या. कुलाब्याचे काम तडकाफडकी न मोडता १९०६ पर्यंत दोन्ही ठिकाणी एकाच वेळी वेध घेण्यात आले, ते जुन्या मालिकेस नवी मालिका बिनचूक जोडता यावी एवढ्याचसाठी. ७ मे १९०७ रोजी मुंबईत विजेची ट्राम धावली हे दिनविशेषात येते; तिच्यासाठी एका शास्त्राला खाडीपार बिऱ्हाड हलवावे लागले हे मात्र येत नाही. ट्राम १९६४ साली बंद झाली. अलिबागच्या नोंदी आजही चालू आहेत.

कोणी म्हणेल की सकाळच्या घाईत वाचकास इतके सारे नको असते. मला ही सबब पटत नाही. वाचकास अधिक ओळी नकोत हे खरे असेल, पण म्हणून त्याला कारणावाचूनची तारीख हवी असते असे नव्हे. ११ डिसेंबर १९६७ रोजी कोयनेस भूकंप झाला एवढेच दरवर्षी छापले जाते. धरणातील जलाशय आणि त्या परिसरातील भूकंप यांच्या संबंधाचा अभ्यास जगभर ज्या मोजक्या ठिकाणांच्या आधारे होतो त्यांत कोयना अग्रगण्य आहे, हे एक वाक्य जोडण्यास कितीसा कागद खर्ची पडणार आहे? जयंत्या आणि पुण्यतिथ्या यांची गर्दी थोडी कमी केली, तर तेवढी जागा खचित निघेल.

तेव्हा संपादक महाशयांस माझी विनंती अशी की, परक्या जंत्रीतून उतरवून घेतलेल्या दहा ओळींऐवजी त्यांनी रोज तीनच नोंदी द्याव्यात, पण त्यांतील एक आपल्या मुलखातील असावी, एकीचे कारण सांगितलेले असावे, आणि एक आजची असावी: तहसील कचेरीच्या पर्जन्यमापकात काल किती पाऊस पडला, धरणाची पातळी कोठवर आली, गावच्या आंब्यास मोहोर कधी धरला, असली. ही तिसरी नोंद पाठविण्याचे काम वाचकांनी पत्करावे, आणि ती पाठविताना तारखेबरोबर गावाचे नाव लिहिण्यास विसरू नये.