शेकर धुण्याची जागा कुठे आहे?

‘व्हे सोसत नाही, पोटात गुडगुडते, गॅस धरतो,’ अशी तक्रार घेऊन ग्राहक आला की आपल्यापैकी बहुतेकांचे उत्तर ठरलेले असते. कॉन्सन्ट्रेट बंद करा, आयसोलेट घ्या. हे उत्तर चूक नाही. 80 टक्के प्रथिनांच्या कॉन्सन्ट्रेटमध्ये थोडे लॅक्टोज उरतेच. आयसोलेटमध्ये ते सहसा एक टक्क्याच्या आत असते. ज्याला लॅक्टोज पचत नाही, त्याला या बदलाने खरोखर आराम पडतो. पण हजारो रुपयांचा नवा डबा घ्यायला लावण्याआधी त्याला शेकर घेऊन यायला सांगा. झाकणातली रबरी रिंग चमच्याच्या दांड्याने उचला आणि तिच्याखाली बोट फिरवा. बोटाला बुळबुळीत लागले, तर आधी शेकरचा बंदोबस्त करायचा, पावडरीचा विचार नंतर.

आपल्या क्षेत्रात प्रथिने किती, कधी आणि कोणती यावर भरपूर बोलले जाते. ती ज्या भांड्यातून पोटात जातात, त्याबद्दल आपण जवळजवळ गप्प असतो. ग्राहकाला आहाराचा तक्ता देताना शेकर कसा धुवायचा हे सांगणारे प्रशिक्षक फार थोडे. यामागे एक समजूत आहे: पावडर कोरडी, डबाबंद, औषधासारखी, म्हणजे तिच्यात काय खराब व्हायचे! कोरडी असेपर्यंत ती टिकते हे खरे. पण ती निर्जंतुक नसते. बॅसिलस सिरियससारख्या जिवाणूंचे बीजाणू दूध वाळवताना मरत नाहीत, ते पावडरीत निपचित पडून राहतात. पाणी मिळाले की जागे होतात. कालवलेला व्हे हा दुधाचाच पदार्थ, आणि 5 ते 60 अंश सेल्सियस या पट्ट्यात जिवाणू झपाट्याने वाढतात. परिस्थिती अनुकूल असेल तर काही जातींची संख्या वीस-एक मिनिटांत दुप्पट होते. सकाळी सातला प्यायलेला शेकर झाकण लावून बॅगेत, बॅग गाडीत, गाडी एप्रिलच्या उन्हात आणि धुणे रात्री घरी गेल्यावर, हा आपल्या शहरांतला नेहमीचा क्रम आहे. उघडल्यावर येणारा कुजक्या अंड्यासारखा वास उगीच येत नाही. व्हेमध्ये गंधक असलेली अमिनो आम्ले, विशेषतः सिस्टीन, भरपूर असतात. जिवाणू ती फोडतात आणि हायड्रोजन सल्फाइड सुटतो.

वास आला की माणूस उकळते पाणी ओततो, आणि इथे बहुतेकांची चूक होते. व्हेमधली प्रथिने साधारण 70 अंशांच्या पुढे आपली घडण सोडतात, एकमेकांना आणि पृष्ठभागाला चिकटतात. खरकट्या शेकरवर कढत पाणी ओतणे म्हणजे तो थर प्लास्टिकवर पक्का करणे. डेअरीतल्या माणसांना हे नेमके माहीत असते. तिथे टाक्या आणि नळ्या धुताना पहिला हात साध्या किंवा कोमट पाण्याचा, मग कॉस्टिक सोड्याचे गरम द्रावण, आणि खनिजांचा थर काढायला आम्ल. आपल्या घरांतही दुधाच्या पातेल्यात आधी गार पाणी घालून ठेवतात. हे शहाणपण व्यायामशाळेच्या दारातच का थांबते, कळत नाही.

म्हणून ग्राहकाला सांगायची पहिली गोष्ट एवढीच: पिऊन झाल्या झाल्या, अजून घाम पुसायचा असतानाच, गार पाण्याने दोनदा खळखळून विसळा. ओला थर सहज सुटतो. वाळलेला घासूनही पुरता निघत नाही. घरी गेल्यावर कोमट पाणी, भांड्यांचा साबण आणि लांब दांड्याचा ब्रश. पीनट बटर किंवा दूध घातले असेल तर साबणाला पर्याय नाही, कारण स्निग्धांश नुसत्या पाण्याने हलत नाही. आत तारेचा गोळा असेल तर तो बाहेर काढून वेगळा घासा. रिंग काढा, पिण्याच्या तोटीचे बूच उघडून त्याच्या सांध्यात छोटा ब्रश घाला, झाकणाचे आटे घासा. बाटलीचा गुळगुळीत पोटभाग सगळेच धुतात. घाण साचते ती या सांध्यांत. तिथे जिवाणूंचा चिकट थर एकदा बसला की त्यावर साबणाचे पाणी फिरवून भागत नाही, घासावेच लागते. गरम पाणी घालून झाकण लावून हलवू नका; आत दाब वाढतो, झाकण उडते आणि हात भाजतो.

शेवटचा टप्पा वाळवण्याचा, आणि सर्वांत जास्त हेळसांड त्याचीच होते. धुतलेला ओला शेकर झाकण लावून ठेवला तर धुण्याचा निम्मा उपयोग गेला. बाटली पालथी निथळू द्या, झाकण आणि रिंग वेगळी ठेवा. कोकणात आणि मुंबईत पावसाळ्यात रात्रभरातही नीट वाळत नाही, तेव्हा दोन शेकर आलटून पालटून वापरायला सांगा. घाम पुसलेल्या टॉवेलने शेकर पुसणारे पाहिले आहेत. त्यांना तिथेच थांबवा.

वास घालवायला सोडा आणि व्हिनेगर एकत्र ओतण्याची पद्धत सर्रास दिसते. फेस छान येतो, पण दोघे एकमेकांना मारतात आणि उरते ते जवळजवळ खारट पाणी. खाण्याच्या सोड्याचे पाणी रात्रभर ठेवा, ओतून द्या, धुवा. बोअरच्या जड पाण्याचा पांढरट पापुद्रा धरला असेल तर दुसऱ्या दिवशी व्हिनेगर किंवा लिंबू. एवढे करूनही वास राहिला, किंवा आतून चरे पडले असतील, तर तो शेकर टाकून द्या. चऱ्यांत ब्रशचा केस पोचत नाही.

मिक्सरच्या भांड्याचा प्रश्न याहून गंभीर आहे, कारण त्यात केळे, ओट्स, खजूर, दूध सगळेच जाते. अमेरिकेतल्या एनएसएफ या संस्थेने 2013 मध्ये घरगुती स्वयंपाकघरांतल्या वस्तू तपासल्या, तेव्हा सर्वाधिक जंतू सापडलेल्या वस्तूंमध्ये ब्लेंडरचा वायसर होता. अनेक घरांत पात्याखालचा भाग वर्षानुवर्षे उघडलेलाच नसतो. कोमट पाणी आणि साबणाचा थेंब घालून अर्धा मिनिट फिरवणे दोन ग्लासांच्या मध्ये ठीक आहे. दिवसाच्या शेवटी मात्र पाते सुटत असेल तर काढून, वायसरसह घासले पाहिजे. पाते सुटत नसेल तर भांडे पाण्यात बुडवून ठेवू नका. खालच्या बुशात पाणी शिरते आणि गंज धरतो.

ज्यांच्या व्यायामशाळेत शेकचा काउंटर आहे, त्यांच्याशी स्पष्ट बोलले पाहिजे. बादलीभर पाण्यात दिवसभराचे शेकर बुचकळून पुढच्या माणसाला देणे हा गुन्हाच समजावा. दहाव्या माणसाला पहिल्या नऊ जणांचे खरकटे मिळते. अन्न सुरक्षा व मानके कायदा, 2006 नुसार शेक विकणे हा अन्नव्यवसाय आहे. त्याला नोंदणी किंवा परवाना लागतो आणि स्वच्छतेचे नियम लागू होतात. साबणाने धुतल्यानंतर निर्जंतुक करायला 5 टक्क्यांचे, सुगंध न घातलेले ब्लीच लिटरमागे 4 मिलिलिटर पुरते. साधारण 200 पीपीएम क्लोरीन होते. खरकट्यावर ते वाया जाते, म्हणून आधी धुणे. आणि ब्लीच व्हिनेगरमध्ये किंवा कुठल्याही आम्लात कधीही मिसळायचे नाही, विषारी क्लोरीन वायू सुटतो. हे काउंटरवरच्या मुलाला समोर बसवून सांगा, भिंतीवर कागद चिकटवून जबाबदारी संपत नाही.

पण ग्राहकाने तरी धुवायचे कुठे? नव्या व्यायामशाळेच्या आराखड्यात आरसे असतात, दिवे असतात, सेल्फीची भिंतही असते. शेकर विसळायला बेसिन नसते. मग तो स्वच्छतागृहातल्या, हात धुण्याच्या उथळ बेसिनपाशी जातो, तिथे बाटली नळाखाली मावत नाही, आणि शेकर तसाच बॅगेत जातो. दोष त्याच्या आळसाला देऊन आपण मोकळे होतो. एक खोल बेसिन, उंच नळ, साबणाची बाटली आणि शेकर पालथे घालायला जाळीची फळी, याचा खर्च एका चांगल्या डंबेलच्या जोडीच्या आसपास येतो. जूनमध्ये नव्या सदस्यांची गर्दी सुरू होण्याआधी तुमच्या व्यायामशाळेत एवढी सोय करा, आणि पहिल्या दिवशी स्क्वॉट शिकवता त्याच आस्थेने प्रत्येक नव्या सदस्याला शेकर उघडून, रिंग काढून, धुऊन दाखवा.