विचारायचे कुणाला?

शहागंज चमनच्या मागच्या एका गल्लीत आम्ही घरोघरच्या सर्वेक्षणाचे फॉर्म घेऊन फिरत होतो. एका घराच्या दारात घरमालक उभे राहिले. नाव, वय, शिक्षण सांगून झाले. पत्नीच्या कामाचा रकाना आला तेव्हा ते म्हणाले, ''वो कुछ नहीं करती, घर में रहती.'' आम्ही 'गृहिणी' लिहिले. त्याच वेळी पडद्याआडून शिलाई मशीनचा आवाज येत होता. त्या आपा साड्यांना फॉल-पिको करतात, आणि त्यांच्या दोन्ही मुलींची वह्या-पुस्तके त्याच मशीनवर येतात, हे आम्हाला ठाऊक होते. कारण त्या मुली आमच्याच शाळेत शिकत होत्या. तरीही आम्ही 'गृहिणी' लिहिले आणि पुढच्या दाराकडे वळलो.

ही कबुली आधीच दिलेली बरी, कारण पुढे इतरांवर आरोप करायचे आहेत. मुस्लिम स्त्रीविषयीची माहिती आपल्याकडे अशीच गोळा होते. दारात, उभ्या-उभ्या आणि तिला न विचारता. त्या पापात आम्ही उर्दू शाळांच्या शिक्षिकाही वाटेकरी आहोत.

आता बाहेरच्यांविषयी. संशोधक मोहल्ल्यात येतात ते प्रश्नावली घरूनच ठरवून. बुरखा घालता का? तलाक झाला का? मुले किती? एका नगाच्या शिलाईला किती मिळतात, ते पैसे कुणाच्या हातात राहतात, दहावीनंतर मुलगी घरी का बसली, हे त्यात नसते. 'मुस्लिम स्त्री' नावाची एकच बाई त्यांनी मनात धरलेली असते. लीला दुबे या मराठी मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी लक्षद्वीपच्या मुसलमानांवर १९६९ साली पुस्तक लिहिले. तिथे वंश आणि कुटुंबाची मालमत्ता आईच्या बाजूने चालते आणि ते लोक नमाज-रोजाही पाळतात. एकाच धर्मातल्या बायकांचे जगणे असे वेगवेगळे असेल, तर शहागंजच्या बाईला तिच्या घरी बसून विचारल्याशिवाय तिचे जगणे कसे कळणार?

आपल्याला प्रिय असलेल्या सच्चर समितीचेही पाहा. मार्च २००५ मध्ये ती नेमली गेली, नोव्हेंबर २००६ मध्ये तिचा अहवाल आला. मुलींचे शिक्षण थांबते ते आई-वडिलांच्या विरोधामुळे नव्हे, जवळ शाळा नसते, वसतिगृहे आणि शिक्षिका कमी असतात म्हणून, हे त्या अहवालाने ठामपणे मांडले. घरात बसून काम करणाऱ्या मुस्लिम बायकांचे प्रमाण मोठे आहे, हेही सांगितले. त्याबद्दल आम्ही ऋणी आहोत. पण सात सदस्यांच्या त्या समितीत एकही स्त्री नव्हती. त्या अहवालाचे हवाले देत आपण किती भाषणे ऐकली! त्यातल्या किती वक्त्यांनी ही गोष्ट बोलून दाखवली?

इथे आमचा दुसरा आणि मोठा आरोप येतो. तो आपल्याच बुजुर्गांवर आणि पुढाऱ्यांवर आहे. बाहेरचा माणूस चुकीचा प्रश्न विचारतो, हे खरेच. पण तुम्ही तर प्रश्नच विचारू देत नाही. 'हा घरचा मामला आहे' म्हणता आणि बाईच्या वतीने स्वतःच उत्तर देता. २०१५ मध्ये भारतीय मुस्लिम महिला आंदोलनाने १० राज्यांतल्या ४,७१० बायकांना तलाक, मेहर, पोटगीविषयी विचारले. ९२ टक्क्यांहून अधिक बायकांना तोंडी तलाकवर बंदी हवी होती. तेव्हा लगेच ओरड झाली की नमुना लहान आहे, बायका निवडून घेतल्या आहेत. नमुन्याविषयी शंका घ्यायला आमची ना नाही, संशोधनात ती घ्यायचीच असते. पण त्या शंकेला जबाब एकच, अधिक चांगले सर्वेक्षण करून दाखवणे. ते कुणी केले? २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला, २०१९ मध्ये कायदा झाला. नवऱ्याला तुरुंगात घालणारा तो कायदा बायकांना हवा तसा आहे का, हेही आपण आपल्या गल्लीत बसून कुणाला विचारले नाही.

आणि नमुन्याच्या आकाराचेच म्हणाल, तर १८ एप्रिल १९६६ रोजी हमीद दलवाईंच्या पुढाकाराने मुंबईत विधानभवनावर मोर्चा गेला, त्यात मुस्लिम बायका होत्या अवघ्या सात. सात बायकांवरून टक्केवारी निघत नाही, हे कबूल. पण दुखते कुठे, ते त्या सात जणींनी सांगितले. गुणात्मक संशोधन म्हणतात ते यालाच. किती जणींना दुखते हे आकडे सांगतात. काय दुखते आणि कसे, हे फक्त तीच सांगू शकते.

हे शास्त्र परके आहे, असेही कुणी म्हणू नये. हदीस पारखताना आपल्या उलेमांनी पहिला प्रश्न विचारला तो हाच, की सांगणाऱ्याने कुणाकडून ऐकले? हजरत आयेशांकडून दोन हजारांहून अधिक हदीस आल्या, त्यात घरातल्या जगण्याविषयीच्या कितीतरी. आणि कुरआनची ५८वी सूरत सुरू होते तीच नवऱ्याची तक्रार घेऊन आलेल्या एका बाईचे म्हणणे अल्लाहने ऐकले, इथून. मग आपण ऐकायला का कचरतो?

पद्धत अवघड नाही. 'काम करता का?' असे विचारले की आपा 'नाही' म्हणणार, कारण आपल्या कामाला काम म्हणायचे नसते, हे ती लहानपणापासून शिकली आहे. यालाच लिंगभाव म्हणतात. त्याऐवजी विचारा, ''काल फजरपासून इशापर्यंत काय काय केलं?'' सरकारच्या वेळ-वापर सर्वेक्षणातही दिवसाचा असाच हिशेब विचारतात. म्हणून तर २०२४च्या पाहणीत कळले की बिनमोबदला घरकाम करणाऱ्या बायका त्यावर रोज २८९ मिनिटे घालवतात आणि पुरुष ८८. प्रश्न बदलला की उत्तर बदलते, हे जनगणनेलाही पटले होते. १९९१ मध्ये कामाच्या प्रश्नात शेतातले आणि घरच्या धंद्यातले बिनमोबदला कामही धरावे, अशी स्पष्ट भर घातली गेली ती त्यासाठीच.

बाकीचे शहाणपण मोहल्ल्याचेच आहे. बाईशी तिच्या बोलीत, दखनीत बोलावे. सासू आणि नवरा समोर नसताना बोलावे. ती नको म्हणाली तर उठावे. जे लिहिले त्यात तिचे नाव-गाव ओळखू येऊ देऊ नये, कारण आपल्या गल्लीत मशीनच्या आवाजावरूनही घर ओळखतात.

आता २०२७ची जनगणना आहे. या वेळी नोंदी मोबाइलवर होणार, पण दार वाजवणारे बहुतेक आम्ही शिक्षकच असणार. उर्दू शाळांच्या शिक्षिकांनो, तो रकाना दारात उभे राहून भरू नका, आत जाऊन बसा. बी.एड.च्या मुलींनो, कृती संशोधनाच्या वह्या मागच्या वर्षीच्या बघून उतरवू नका. आपल्याच गल्लीतल्या दहा जणींचा एकेक दिवस लिहून आणा. आपल्या विद्यापीठात ताराबाई शिंदेंच्या नावाचे स्त्री अभ्यास केंद्र आहे. तिथे आपल्या मुली केवळ उत्तरे देणाऱ्या म्हणून नव्हे, प्रश्न विचारणाऱ्या म्हणून गेल्या पाहिजेत. आणि बुजुर्गांनो, तुम्ही फक्त तेवढा वेळ चहाला चमनवर जा.

त्या आपांकडे आम्ही पुन्हा गेलो, फॉर्म न घेता. कालचा दिवस विचारला. फजरच्या आधीपासून रात्री अकरापर्यंतचा हिशेब त्यांनी दिला, मशीनवरचे साडेपाच तास धरून. मग स्वतःच थबकल्या आणि म्हणाल्या, ''इत्ता करती क्या मैं?''