उरलेले तीन व्होल्ट गेले कुठे?

९ व्होल्टच्या एका बॅटरीला प्रत्येकी १ मेगाओहमचे दोन रोधक एकसर जोडले, तर दहावीच्या पुस्तकाप्रमाणे उत्तर सरळ आहे. एकसर जोडणीत विभवांतर रोधाच्या प्रमाणात विभागले जाते; रोध समान आहेत, म्हणून प्रत्येकाच्या वाट्याला ४.५ व्होल्ट. आता ज्याचा अंतर्गत रोध १ मेगाओहम आहे असा एखादा स्वस्त डिजिटल मल्टिमीटर पहिल्या रोधकाला लावा. आकडा दिसतो ३. दुसऱ्याला लावा. तिथेही ३. बेरीज झाली ६. मग उरलेले ३ व्होल्ट गेले कुठे?

ते कुठेही गेलेले नाहीत. मीटर लावताच तो त्या रोधकाला समांतर जोडला जातो आणि दोघांचा मिळून रोध अर्धा मेगाओहम होतो. विभागणी आता १ आणि १ अशी न राहता अर्धा आणि १ अशी होते. नऊचा तिसरा हिस्सा ३. मीटर खोटे बोलत नाही. पण त्याच्या उपस्थितीने, जे मोजायचे तेच बदलले आहे.

मीटरच्या जागी छोटा दिवा किंवा मोटर जोडली, तर विभवांतर याहूनही कोसळते. उपाय म्हणून १००-१०० ओहमचे रोधक घेतले, तर मीटरचा परिणाम नगण्य होतो. पण मग ४५ मिलिअँपिअर धारा काही काम न करता अखंड वाहते, आणि ५०० मिलिअँपिअर-तास क्षमतेची बॅटरी सुमारे ११ तासांत रिती होते. अचूकता हवी की बॅटरीचे आयुष्य, हा निर्णय सूत्र घेत नाही. माणसाला घ्यावा लागतो. अभियांत्रिकीचा आरंभ इथेच होतो.

मोजमापाच्या या पेचावर पोगेनडॉर्फ या जर्मन शास्त्रज्ञाने १८४१ मध्ये देखणा तोडगा काढला: पोटेन्शिओमीटर. लांब, एकसारख्या तारेवर विभवांतर विभागायचे आणि अज्ञात घटाशी तुल्य असा बिंदू शोधायचा. तो सापडला की घटातून धारा वाहतच नाही. म्हणजे घटाला न छेडता त्याचे मोजमाप होते.

२०२२ मध्ये एनसीईआरटीने अभ्यासक्रमाचा भार कमी करताना बारावीच्या भौतिकशास्त्राच्या पुस्तकातून पोटेन्शिओमीटर वगळला. रोधकांची एकसर व समांतर जोडणीही वगळली. खालच्या वर्गांतील मजकुराची पुनरुक्ती टाळणे हा तेव्हाच्या जाहीर निकषांपैकी एक होता, आणि जोडण्यांची सूत्रे दहावीत आहेत हेही खरे. पोटेन्शिओमीटरचा प्रयोग अनेक ठिकाणी केवळ निरीक्षणांचा तक्ता भरण्यापुरता उरला होता, हेही नाकारता येणार नाही. तरीही माझ्या मते हा निर्णय चुकीचा होता. दहावीचे सूत्र आदर्श परिस्थितीचे आहे. ते प्रत्यक्षात कुठे डळमळते आणि त्यातून वाट कशी काढायची, हे सांगण्याची जागा बारावीत होती. ती पुनरुक्ती नव्हती. ती त्याच विचाराची पुढची पायरी होती.

आता एक नवी संधी समोर आहे. २०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात पाच वर्षांत शासकीय शाळांमध्ये ५०,००० अटल टिंकरिंग प्रयोगशाळा उभारण्याची घोषणा झाली आहे. तिथे आर्डुइनो येईल, संवेदक येतील, त्रिमितीय मुद्रक येतील, यावेत. परंतु प्रकाश किंवा तापमान टिपणाऱ्या कितीतरी साध्या संवेदकांच्या मुळाशी हीच दोन रोधकांची विभागणी असते. ती न समजता तयार संचाच्या तारा जोडणाऱ्या मुलाला यंत्र चालवता येईल. ते चुकीचा आकडा दाखवू लागले, तर कारण मात्र शोधता येणार नाही.

म्हणून सूचना साधी आहे. अशा प्रत्येक प्रयोगशाळेत पहिल्याच आठवड्यात एक बॅटरी, दोन रोधक आणि एक मीटर मुलांच्या हाती द्यावेत, आणि उत्तर सांगण्याची घाई करू नये. खर्च किरकोळ आहे. लागतो तो वेळ आणि शिक्षकाचा संयम. देश आज चिप बनवण्याची आकांक्षा बाळगतो आहे. त्या आकांक्षेला ‘३ आणि ३ मिळून ९ का होत नाहीत?’ असे विचारणारी मुले लागतील.