कल्पित बंडें आणि खरीं माणसें

अद्भुतरम्य कादंबऱ्या वाचणें म्हणजे वेळेचा अपव्यय; बंडें व युद्धें वाचावयाचीं तर तीं इतिहासांत वाचावीं, असा उपदेश वडीलधारी मंडळी तरुणांस करितात. आम्हांस तो सर्वथा अमान्य आहे.

आमच्या परंड्याचा किल्लाच घ्या. १६०० सालीं अहमदनगर मोगलांच्या हातीं पडल्यावर मलिक अंबरानें दुसऱ्या मुर्तझा निजामशहास गादीवर बसवून येथें राजधानी केली. येथील मुलुखमैदान तोफ १६३२ सालीं विजापुरास गेली. इतकें इतिहास सांगतो. परंतु धनी बदलण्याच्या वेळीं किल्लेदाराच्या मनांत काय कालवाकालव झाली, हें तो सांगत नाहीं.

तसल्या मनांत आपणांस नेते ती हरिभाऊ आपट्यांची 'उषःकाल'. बाप विजापूरकरांच्या मिठाला जागणारा किल्लेदार, मुलगा स्वराज्याच्या बंडाकडे ओढलेला. दोघेही कल्पित, पण त्यांपैकीं एकालाही खोटा म्हणण्याची छाती कोणास आहे? टोल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्यें (१९५४-५५) तर भूमीही कल्पित. तरी सत्तेची अंगठी नष्ट करावयास निघालेला फ्रोडो ऐन वेळीं ती आपलीच म्हणतो, तेव्हां तो मोह वाचकास स्वतःच्या ठायीं ओळखतां येतो.

नुसता तरवारींचा खणखणाट असेल, तर तें पुस्तक खुशाल मिटावें. परंतु सत्तेपुढें माणूस कसा वांकतो, हें ज्यांत उमगतें तें पुस्तक तरुणांच्या हातून काढून घेणारांस आम्ही विचारतों: मनुष्यस्वभावाची ही ओळख सनावळ्या पाठ करून होणार आहे काय?