मुदतीचा आदेश आणायला मुंबईला जाण्याआधी

पुण्याच्या शिवाजीनगर कोर्टात ज्याचं अपील वर्षानुवर्षं पडून आहे, त्याला कुणीतरी हमखास सल्ला देतं : ‘हायकोर्टात जा, सहा महिन्यांत निकाली काढा असा आदेश आणा.’ घटनेच्या कलम २२७ नुसार खालच्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार हायकोर्टाला आहे आणि असे आदेश होतातही. तरी त्यासाठी लगेच पैसे मोजू नका.

२९ फेब्रुवारी २०२४ रोजी सुप्रीम कोर्टाच्या पाच जणांच्या घटनापीठाने सांगितलं, की अपवाद सोडता वरच्या कोर्टांनी खालच्यांना अशी मुदत घालून देऊ नये. मुख्य निकालपत्र न्या. अभय ओक यांचं. त्यांची वकिली ठाण्याच्या जिल्हा कोर्टातच सुरू झालेली. कुठल्या कामाला आधी हात घालायचा हे तिथल्याच न्यायाधीशाला कळतं, आणि ज्याला वर जाणं परवडतं त्याने रांगेतल्या बाकीच्यांच्या पुढे घुसू नये, असं त्यांचं म्हणणं. मला ते पटतं. कोल्हापूरला सर्किट बेंच आलं तरी पुण्याला मुंबईच गाठावी लागते. तो खर्च पेलणारे किती?

म्हणून आधी आपलं अपील अडलंय कुठे ते बघा. ई-कोर्ट्स ॲपवर सीएनआर नंबर टाकला की मागच्या तारखांना काय झालं ते दिसतं. खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड आलेलं नसतं, एखाद्या उत्तरवादीला नोटीस लागलेली नसते किंवा कुणीतरी वारलेलं असतं. वाड्याच्या नाहीतर वडिलोपार्जित जमिनीच्या वादात दोन्हीकडे मिळून दहा-पंधरा नावं, त्यातली निम्मी सत्तरीपुढची. पक्षकार गेला की ९० दिवसांत वारस लावावे लागतात. ते राहिलं तर त्याच्यापुरतं अपील आपोआप संपतं, कधीकधी सगळंच. पुढच्या ६० दिवसांत ते उठवून घेण्याचा अर्ज करता येतो. त्यानंतर उशीर माफ करा म्हणून विनवण्या. तेव्हा दहाव्या-तेराव्याच्या गडबडीतही वकिलांना एक फोन कराच. (गिनेस बुकात पुण्याचा एक दावा आहे : १२०५ साली लावलेला, २८ एप्रिल १९६६ ला सुटलेला, म्हणजे ७६१ वर्षं. १२०५ साली इथे कुठलं कोर्ट होतं ते विचारू नका; वारस मात्र चोख लावले असणार.)

अडलेलं मोकळं झालं, की त्याच कोर्टात लवकर सुनावणीचा अर्ज द्या. वय, आजारपण, घर पडायला आलंय, जे असेल त्याचा कागद जोडा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो; जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस कोर्टाच्या आवारातच आहे.

आणखी एक. खाली तुम्ही जिंकला असाल आणि समोरच्याने नुसतं अपील केलं असेल, तर अंमलबजावणी थांबत नाही. त्यासाठी वेगळा स्टे लागतो. तो नसेल तर दरखास्त लावा, हातावर हात ठेवून बसू नका. आणि मिळालेला स्टे सहा महिन्यांनी आपोआप उठतो, हा २०१८ चा नियम त्याच २०२४ च्या निकालाने रद्द झालाय. आता तो उठवायला अर्जच करावा लागेल.

एवढं करूनही तारखांवर तारखा पडत राहिल्या, तर रोजनाम्याच्या नकला घेऊन मुंबईला जरूर जा. आपल्या बाजूने किती तारखा मागितल्या गेल्या, ते मात्र आधी मोजून जा. तिथे पहिल्यांदा तेच विचारतील.