मिळवता भाऊ आणि सामाईक तिजोरी

एकत्र कुटुंबांत वाढलेल्या वाचकांस हें सांगावयास नको कीं, घरांतील तंटे पंगतींत उघड झाले तरी त्यांचा उगम बहुधा हिशेबाच्या वहींत असतो. गिरगांवांत बिऱ्हाड केलेला थोरला भाऊ दरमहा पैसे गांवीं पाठवितो. पांच-दहा वर्षें हें सुरळीत चालतें. मग एखाद्या दिवाळींत कोणीतरी बेरीज करतें, आणि ‘आम्हीं इतके पाठविले, आमच्या वांट्यास काय आलें?’ हा प्रश्न प्रथम माजघरांत कुजबुजीनें व मागाहून ओटीवर मोठ्यानें विचारला जातो. त्यावर गांवचा धाकटा म्हणतो, ‘दादा, ज्या आगराच्या उत्पन्नावर तुमचें शिक्षण झालें तें आगर कोणीं राखलें? आईचें दुखणें कोणीं काढलें? त्याची नोंद कोणत्या वहींत आहे?’ दोघेही खोटें बोलत नाहींत. वही मात्र एकाचेंच लिहिते.

राज्यांच्या व राष्ट्रांच्या संघांतील कुरबुरी जवळून पाहिल्या तर पुष्कळदां हेंच भांडण मोठ्या अक्षरांत लिहिलेलें आढळतें. मुंबई हा आपल्या संघराज्यांतील मिळवता भाऊ. आणि ‘दिल्लीस रुपया जातो, परत येतो किती?’ हें वाक्य गिरगांवच्या चाळींतून, दादरच्या कट्ट्यावरून आणि लग्नाच्या पंगतींतून आमच्या कानीं वरचेवर पडतें. या तक्रारींत तथ्य आहे. परंतु ती ज्या वहीच्या आधारें केली जाते, ती वही मराठी माणसानेंच एकदां खोटी ठरविली होती, याचा विसर पडत चालला आहे.

प्रथम परक्या घरचें उदाहरण घेऊं. परक्याच्या भांडणांत डोकें शांत राहतें. युरोपांतील सहा राष्ट्रांनीं १९५१ मध्यें कोळसा व पोलाद यांचा कारभार सामाईक केला, आणि त्यांतून वाढत वाढत आजचा युरोपीय संघ झाला. इंग्लंड मागाहून आलें व आल्यापासून वर्गणीविषयीं कुरकुरत राहिलें. १९८४ मध्यें पंतप्रधान मार्गारेट थॅचर यांनीं फाँतेनब्लो येथील बैठकींत भांडून वर्गणींत कायमची सूट मिळविली. पुढें २०१६ च्या सार्वमतापूर्वीं एका तांबड्या बसवर ‘आपण आठवड्यास पस्तीस कोटी पौंड युरोपास पाठवितों’ असें रंगवून ती गांवोगांव फिरविली गेली. त्या आंकड्यांत थॅचरबाईंची सूट वजा केलेली नव्हती, आणि परत येणारीं अनुदानेंही नव्हतीं. ३१ जानेवारी २०२० रोजीं इंग्लंड घर सोडून निघालें.

याहून बोधप्रद गोष्ट हॉलंडची आहे. आम्ही वर्गणी अधिक देतों ही डच लोकांची जुनी तक्रार. २०२० मध्यें ऑस्ट्रिया, डेन्मार्क व स्वीडन यांच्या जोडीनें त्यांनीं ती पुन्हां नेटानें मांडली. आतां रॉटरडॅम हें युरोपांतील सर्वांत मोठें बंदर. परदेशचा पुष्कळ माल तेथील धक्क्यावर उतरतो, तेथें जकात भरतो, आणि ऱ्हाईन नदीनें जर्मनींत जातो. जकातीचा भार पडतो जर्मन गिऱ्हाइकावर. पावती फाटते हॉलंडांत. ती जकात संघाची असली तरी वसुलीचा खर्च म्हणून शेंकडा २५ भाग वसूल करणाऱ्या राष्ट्रास ठेवतां येतो. असें असतां जमेचा सारा आंकडा ‘आम्हीं दिला’ म्हणून सांगणें हें वखारीच्या दिवाणजीनें वखारींतील माल आपला म्हणण्यासारखें आहे. ग्रीसला २०१० नंतर कर्जें द्यावीं लागलीं तेव्हां जर्मनींत असाच आरडाओरडा झाला. सामाईक चलनामुळें जर्मन कारखानदारांच्या मालास जो उठाव मिळाला त्याची नोंद त्या खात्यांत कोणींच केली नाहीं.

रॉटरडॅमच्या जागीं मुंबई घातली कीं आपली गोष्ट सुरू होते. १९२० मध्यें मेस्टन समितीच्या व्यवस्थेनें शेतसारा प्रांतांकडे राहिला आणि प्राप्तीवरील कर मध्यवर्ती सरकाराकडे गेला. गिरण्या व पेढ्यांवर भिस्त असलेल्या मुंबई इलाख्यानें तेव्हांपासून गाऱ्हाणें मांडलें. १९३६ मध्यें नीमायर यांनीं प्राप्तिकराच्या प्रांतिक वांट्यांतून मुंबईस शेंकडा २० दिले. १९५० मध्यें तो वांटा शेंकडा २१ ठरविला तो चिंतामणराव देशमुखांनीं. पुढें पहिल्या वित्त आयोगानें सूत्र घातलें : राज्यांच्या वांट्यापैकीं शेंकडा ८० लोकसंख्येवर, अवघे २० वसुलीवर. १९५७ मध्यें दुसऱ्या आयोगानें तें ९० व १० असें केलें. पुढील आयोगांनीं थोडें मागेंपुढें केलें असलें तरी दिशा ठरून गेली : पैसा जेथें जमा झाला तेथें नव्हे, तर जेथें खाणारीं तोंडें अधिक तेथें जावा. आम्हांस ही दिशा योग्य वाटते. वसुली हा मिळकतीचा पुरावा नव्हे, हें सर्वांत चांगलें मुंबईच सांगूं शकते. १९५५-५६ मध्यें तिनें तें रक्त सांडून सांगितलें.

त्या लढ्याकडे आपण भाषेचा लढा म्हणून पाहतों, आणि तें खरेंच आहे. परंतु त्याच्या पोटांत तिजोरीचें भांडण होतें. सर पुरुषोत्तमदास ठाकुरदास यांच्यासारखे व्यापारी पुढारी म्हणत कीं, मुंबई ही कोणत्याही एका भाषेची नव्हे. ज्यांनीं भांडवल ओतलें, गोद्या व गिरण्या उभारल्या, त्यांच्या उद्योगाचें तें फळ आहे, सबब तिला निराळें ठेवावें. वहीच्या दृष्टीनें या म्हणण्यांत चूक नव्हती. कर भरणाऱ्यांच्या यादींत मराठी नांवें फारशीं नव्हतींच.

डॉ. आंबेडकरांनीं १९४८ मध्यें भाषिक प्रांतांच्या आयोगास जें निवेदन दिलें त्यांत या युक्तिवादाचा समाचार आहे. पैसा घालणें म्हणजे शहर घडविणें नव्हे, आणि मुंबई पाण्यासाठीं व विजेसाठीं महाराष्ट्रावर विसंबून आहे, असे त्यांचे मुद्दे होते. हें पाणी व वीज शब्दशः घ्यावयाचीं आहेत. तानसा, वैतरणा, भातसा हीं मुंबईस पाणी पाजणारीं धरणें ठाणें जिल्ह्यांत आहेत, आणि ज्या शहापूर तालुक्याच्या उशाशीं तीं आहेत तेथील खेड्यांस आजही उन्हाळ्यांत टँकरची वाट पाहावी लागते. विजेची कथा याहून जुनी. गिरण्यांना वीज पुरविण्याकरितां टाटांनीं मुळशीचें धरण हातीं घेतलें, तेव्हां १९२१ मध्यें सेनापति बापटांनीं मावळ्यांसह सत्याग्रह केला. सत्याग्रह हरला; भातखाचरें बुडालीं; पाणी घाट उतरून भिऱ्याच्या वीजघरांत गेलें, आणि वीज मुंबईस आली. त्या विजेवर चाललेल्या मागांचा नफा कोणाच्या नांवें जमा झाला? आणि बुडालेल्या खाचरांचें पीक कोणाच्या खर्चीं पडलें?

आणि माणसें? परळ-लालबागच्या गिरणीकामगाराचें बालपण रत्नागिरी वा सातारा जिल्ह्यांतील एखाद्या खेड्यांत जाई. त्याला वाढविण्याचा खर्च खेड्याचा. तो जाणता होऊन मुंबईस येई, दहा-पंधरा जणांच्या खोलींत पाळीपाळीनें निजे, खाणावळवाल्या बाईच्या हातचें जेवून साच्यावर उभा राही. म्हातारपणीं वा दमा लागल्यावर तो परत जाई, तो खर्चही खेड्याचाच. मधल्या तीस वर्षांची मिळकत मुंबईची. मनीऑर्डरीनें जें जाई तेवढेंच खेड्याच्या नजरेस पडे, आणि त्यालाच लोक मुंबईचे उपकार म्हणत! घरीं राहून शेत कसणाऱ्या, सासूचें करणाऱ्या, पोरें वाढविणाऱ्या त्याच्या बायकोचें नांव तर कोणत्याच हिशेबांत नव्हतें. आमच्या वाचकभगिनींस त्याचें नवल वाटणार नाहीं.

२१ नोव्हेंबर १९५५ रोजीं फ्लोरा फाउंटनपाशीं गोळीबार झाला. १६ जानेवारी १९५६ रोजीं मुंबई केंद्रशासित करण्याचा निर्णय पंडित नेहरूंनीं जाहीर केला, आणि पुढील दिवसांत गिरगांव, परळ, लालबाग, दादर येथील रस्त्यांवर माणसें पडलीं. सर्व मिळून शंभरांहून अधिक. त्याच वर्षीं जुलैंत चिंतामणरावांनीं केंद्रीय अर्थमंत्रिपदाचा राजीनामा दिला. ज्यानें सहा वर्षांपूर्वीं राज्यांचे वांटे शांतपणें ठरविले होते, त्यासच लोकसभेंत उठून सांगावें लागलें कीं, या वांटणींत अन्याय होत आहे. १ मे १९६० रोजीं महाराष्ट्र झाला. आणि गुजरातची नवी राजधानी व तेथील तूट यांकरितां कांहीं वर्षें रक्कम द्यावयाची असें ठरलें. विभक्त होणाऱ्या भावास घर बांधण्यास पैसे देण्याची ती रीत होती, आणि ती आम्हांस शोभेशी वाटते.

आतां आजचें पाहूं. देशाच्या प्रत्यक्ष करांपैकीं एक-तृतीयांशाहून अधिक वसुली महाराष्ट्रांत होते. २०२१ ते २०२६ या पांच वर्षांकरितां केंद्राच्या वांटपयोग्य करांतून राज्यांस शेंकडा ४१ मिळावे असें ठरलें. त्यांत महाराष्ट्राचा भाग शेंकडा ६.३१७, उत्तर प्रदेशाचा १७.९३९ व बिहारचा १०.०५८. हे आंकडे शेजारीं शेजारीं ठेवले कीं कोणाचेंही पित्त खवळेल. परंतु टाटा स्टीलच्या भट्ट्या पेटतात जमशेदपुरास. नोंदणीचें कार्यालय मात्र फोर्टांतील बॉम्बे हाउसांत. स्टेट बँकेच्या शाखा हिमालयापासून कन्याकुमारीपर्यंत. मुख्य कचेरी नरिमन पॉइंटास. विमा महामंडळाची तीच स्थिति. पाटण्याच्या शिक्षकानें पोटास चिमटा घेऊन भरलेल्या हप्त्यावरचा नफा मुंबईंत मोजला जातो व त्याचा कर महाराष्ट्राच्या खात्यावर दिसतो. शिवाय मुंबईच्या इमारतींवर विटा वाहणारा आणि टॅक्सी हांकणारा आज कोणत्या खेड्यांत वाढून आलेला असतो? सातारा-रत्नागिरीच्या मुलाविषयीं जो हिशेब आपण १९५६ मध्यें मांडला, तो दरभंग्याच्या किंवा जौनपुरच्या मुलास लागू नाहीं असें म्हणावयास आम्हांस तरी कारण सांपडत नाहीं.

मग दिल्लीविषयींची तक्रार सोडून द्यावी काय? मुळींच नाहीं. ती योग्य ठिकाणीं करावी. उपकर व अधिभार या नांवांखालीं जमणारा पैसा राज्यांशीं वांटून घेण्याचें बंधन केंद्रावर नाहीं, आणि गेल्या कांहीं वर्षांत या दोहोंवर केंद्राचा भर वाढला. म्हणजे सामाईक तिजोरींत टाकावयाचे पैसे कारभाऱ्यानें स्वतःच्या कनवटीस लावावे आणि ‘तिजोरींतील शेंकडा ४१ देतों कीं!’ म्हणावें. हें श्रीमंत राज्याइतकेंच गरीब राज्यासही जाचतें. किंबहुना बिहारला अधिक. १ जुलै २०१७ रोजीं वस्तू व सेवा कर आला आणि मुलुंड-दहिसरच्या नाक्यांवरची मुंबईची जकात बंद झाली. महानगरपालिकेचें तें सर्वांत मोठें उत्पन्न होतें. राज्यांस पांच वर्षें भरपाईची हमी होती. २०२० मध्यें महामारी येतांच ‘हा ईश्वरी कोप’ असें केंद्रीय अर्थमंत्र्यांनीं म्हटलें व राज्यांनीं कर्ज काढावें असा तोडगा पुढें आला. अखेर केंद्रानेंच कर्ज काढून रक्कम पुढें केली, पण तोंवर महिने गेले. शब्द देऊन अडचणीच्या वेळीं मागें सरणारा कारभारी कुटुंबांत जितकी तेढ वाढवितो, तितकी कमी-अधिक वांट्यानें वाढत नाहीं.

आणि दिल्लीस खडसावतांना मुंबईनें एकदां मागें वळून पाहण्यासारखें आहे. २८ सप्टेंबर १९५३ च्या नागपूर करारानें विदर्भास लोकसंख्येच्या प्रमाणांत खर्चाचें वचन मिळालें, १९५६ मध्यें राज्यघटनेंत त्यासाठीं कलम आलें. १९८३ मध्यें वि. म. दांडेकरांची समिती बसली आणि तिनें राज्यांतील मागास भागांचा अनुशेष सुमारे ३,१८७ कोटी रुपये काढला. वैधानिक विकास मंडळें आलीं तीं १९९४ मध्यें, वचनानंतर चाळीस वर्षांनीं. ‘आमच्या पैशावर विदर्भ चालतो’ हें वाक्य मुंबईंत आम्हीं किती वेळां ऐकलें! वऱ्हाडचा कापूस आगगाडीनें मुंबईस येऊं लागला तो इंग्रजी अमलांत. लालबागच्या साच्यांनीं तो शतकभर कातला. कापडाचा नफा, त्याचा कर, आणि १९८२ च्या संपानंतर गिरण्या बंद पडल्यावर त्यांच्या जमिनींना आलेली किंमत, हें सारें मुंबईच्या जमेस. कापूस पिकविणाऱ्याचें कर्ज तेवढें यवतमाळ-अमरावतीच्या नांवें राहिलें. विजय केळकर समितीनें पुन्हां एकदां हिशेब केला. तो अहवाल २०१४ च्या हिवाळी अधिवेशनांत नागपुरासच विधिमंडळापुढें ठेवला गेला. विकास मंडळांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजीं संपली. दादरच्या कट्ट्यावर त्या दिवशीं, किंवा त्यानंतर फारसा केव्हांही, हा विषय निघाल्याचें आमच्या ऐकिवांत नाहीं.